कुस्को ते पुनो : पाण्याच्या उलट दिशेनं

[दृश्य : कुस्कोचा बसथांबा. सकाळचे पावणेसात. बसच्या पोटात बॅगा चढताहेत.]

कुस्कोहून पुनोला जाणाऱ्या कित्येक बस रात्री दहाच्या सुमारास सुटतात आणि उजाडायच्या आत पोहोचवतात. सहा-सात तासांचं काम. हॉटेलची एक रात्र वाचते, म्हणून बरेच प्रवासी तीच बस पकडतात. आपण मात्र सकाळी सातच्या बसमध्ये बसलो आहोत. हिला तेच ३९० किलोमीटर कापायला दहा तास लागतात, कारण ही वाटेत थांबते. आणि जिथे थांबते तिथे सोबतचा गाइड सगळ्यांना खाली उतरवतो आणि त्या जागेची गोष्ट त्या जागीच उभं राहून सांगतो. पेरू देशातल्या अँडीज पर्वताला ज्यांना एकच दिवस देता येणार असेल, त्यांनी तो या रस्त्याला द्यावा, असं मला मनापासून वाटतं.

उंच डोंगरात निघालेली ही बस सुरुवातीला खाली उतरते. कुस्को ३,४०० मीटर उंचीवर आहे. पहिला थांबा त्याहून जवळपास तीनशे मीटर खाली. वाटेत ओरोपेसा लागतं, ते पावाचं गाव. भट्टीतून निघालेले, ताटलीएवढे गोल चपटे पाव रस्त्याकडेला मांडलेले असतात. एक पाव घेतला तर चौघांना पुरतो.

[दृश्य : आंदावायलियासचं चर्च, बाहेरून. चौकातली मोठाली झाडं.]

हे आंदावायलियास. बाहेरून पाहिलं तर कच्च्या विटांच्या पांढऱ्या भिंतींचं साधं गावातलं चर्च. आत शिरलं की छतापासून खालपर्यंत रंग आणि सोनं. आत चित्रीकरण करू देत नाहीत, तेव्हा जे पाहिलं ते सांगतो. दाराच्या आतल्या बाजूला लुईस दे रियान्यो या चित्रकारानं सतराव्या शतकात दोन वाटा रंगवल्या आहेत. नरकाची वाट रुंद आणि फुलं अंथरलेली, स्वर्गाची वाट अरुंद आणि काट्यांची. वाचता न येणाऱ्या माणसासाठी तेच प्रवचन होतं.

माझा पाय मात्र बाप्तिस्म्याच्या खोलीच्या दारापाशी अडकला. तिथे बाप्तिस्म्याचं वचन पाच भाषांत लिहिलं आहे : लॅटिन, स्पॅनिश, केचुआ, आयमारा आणि पुकिना. यातली पुकिना आज कुणीही बोलत नाही. साधारण त्याच काळात, १६१६ मध्ये, इकडे गोव्यात फादर थॉमस स्टीफन्स यांचं मराठी ‘क्रिस्तपुराण’ छापलं गेलं होतं. जगाच्या दोन टोकांना पाद्री एकच करत होते, स्थानिकांच्या भाषेत शिरून बोलत होते. आपली भाषा टिकली. पुकिनाची एक खूण या दारावर राहिली.

[दृश्य : बसच्या खिडकीतून नदी. मक्याची शेतं, निलगिरीच्या रांगा.]

उर्कोस गाव मागे पडलं की नदी सोबतीला येते. हिचं नाव विल्कानोता. माचू पिचूच्या पायथ्याशी जी उरुबांबा खळाळताना दिसते, ती हीच. पुढे ती उकायालीला मिळते, उकायाली ॲमेझॉनला, आणि हे पाणी खंड ओलांडून अटलांटिकला पोहोचतं. आपली बस मात्र तिच्या उलट दिशेनं, उगमाकडे चालली आहे. इथून पुढचे काही तास नदीवर नजर ठेवा. दर तासाला ती बारीक होत जाते.

या खोऱ्यातून खेचरांचे तांडे चालायचे. आपल्याकडे लमाण बैलांच्या पाठीवर मीठ आणि धान्य लादून घाट चढत, तसेच इथले तांडेवाले कुस्कोकडून पोतोसीच्या चांदीच्या खाणींकडे माल नेत. अशाच एका तांड्याचा मालक होता होसे गाब्रिएल कोंदोरकांकी, म्हणजे दुसरा तुपाक आमारू. तो या भागातल्या गावांचा वंशपरंपरागत प्रमुख होता आणि स्पॅनिश येण्याआधी इथे राज्य करणाऱ्या इंकांच्या शेवटच्या राजाचा वंशज म्हणून त्यानं ते नाव घेतलं होतं. ही वाट त्याच्या पायाखालची. खाणींत वेठीला धाडलेली माणसं परत येत नाहीत हे तो याच वाटेवर पाहत होता. स्पॅनिश अधिकारी लोकांच्या गळ्यात नको असलेला माल चढ्या भावानं मारत, तेही पाहत होता. ४ नोव्हेंबर १७८० रोजी त्यानं तिंताचा स्पॅनिश कॉरेहिदोर, म्हणजे मुलखाचा कारभारी, आंतोनियो दे आरियागा याला पकडलं आणि सहा दिवसांनी फासावर दिलं. उठाव डोंगरभर पसरला. त्याची पत्नी मिकाएला बास्तिदास रसद, निरोप, माणसं आणि पैसा सांभाळत होती. तिच्याशिवाय हा लढा उभाच राहिला नसता.

१८ मे १७८१ रोजी कुस्कोच्या मुख्य चौकात दोघांनाही मारलं. आधी पत्नी आणि थोरला मुलगा त्याच्या डोळ्यांसमोर, मग तो. चार घोड्यांना हातपाय बांधून ओढलं, तरी शरीर तुटेना, तेव्हा शिर कापलं. ते शिर तिंताला पाठवलं. आपली बस तिंताच्या बाजूनं जाते, थांबत नाही. गाइड माइक हातात घेऊन एवढंच म्हणाला, “डावीकडे, उजवीकडे, हा सगळा त्याचा मुलूख.” बसमध्ये कुणी काही बोललं नाही.

[दृश्य : राक्ची. मातीची उंच भिंत, मागे आकाश.]

राक्चीला तासभर तरी हवा. इथे इंकांनी वीराकोचा या सृष्टिकर्त्या देवासाठी ९२ मीटर लांब आणि सुमारे २५ मीटर रुंद मंदिर बांधलं होतं. उरली आहे ती मधली भिंत. खाली घट्ट बसवलेला घडीव दगड आणि वर नुसत्या मातीच्या विटा. माती इतकी वर्षं पावसात उभी राहते याचं आश्चर्य वाटतं. आता तिच्या डोक्यावर संरक्षणासाठी कौलांचं छोटं छप्पर घातलं आहे. दोन्ही बाजूंना खांबांची रांग होती. त्यावर पेललेलं छप्पर इंका साम्राज्यातलं सगळ्यात मोठं असावं असं मानतात.

पण मंदिर पाहून लगेच मागे फिरू नका. पलीकडे चला. तिथे गोल दगडी कोठारं आहेत, ओळीनं, सुमारे दीडशे. एकेकाचा व्यास दहा मीटरच्या आसपास. केचुआत त्यांना कोल्का म्हणतात. आपल्या घरात धान्याची कणगी असायची ना, तशीच, पण सबंध राज्याची. मका, वाळवलेला बटाटा, कापड असं सगळं साठवायचं आणि सैन्याला, वाटसरूंना, दुष्काळी मुलखाला पुरवायचं. इंकांकडे चाक नव्हतं आणि नाणंही नव्हतं. अशा या कणग्या आणि त्यांना जोडणारे रस्ते यांच्यावर त्यांचं राज्य चालायचं. ते रस्ते, कापाक न्यान, २०१४ मध्ये युनेस्कोच्या जागतिक वारसा यादीत आले. त्यातला एक तुकडा राक्चीतूनच जातो. त्यावरून दहा पावलं तरी चालून या.

जेवण सिकुआनीच्या आसपास होतं. पोटभर जेवू नका. पुढची चढण भरल्या पोटी जड जाते.

[दृश्य : इचू गवताची पिवळी माळरानं. अल्पाकांचे कळप. रेल्वेचा एकेरी रूळ.]

आता झाडं संपली. मका संपला. उरलं ते इचू नावाचं खरखरीत गवत आणि त्यावर चरणारे अल्पाका. शेजारून रूळ धावतो. ही आगगाडी समुद्राकडून पुनोपर्यंत १८७४ मध्ये पोहोचली, कुस्कोला पोहोचायला मात्र १९०८ उजाडलं. आणि विल्कानोता? सकाळी जिच्यावर लांबलचक पूल होते, ती आता उडी मारून ओलांडता येईल एवढी उरली आहे.

बस थांबते. ला राया. सुमारे ४,३३५ मीटर. एकावर एक दोन कळसूबाई ठेवल्या तरी इथवर पोहोचायला हजार मीटर कमीच पडतात. हवेचा दाब समुद्रकिनाऱ्याच्या साठ टक्क्यांवर आलेला, म्हणजे प्रत्येक श्वासात प्राणवायूही तेवढाच. बसमधून उतरताना सावकाश उतरा. फोटोसाठी धावू नका. डोकं ठणकलं तर लाज न बाळगता गाइडला सांगा, बसमध्ये ऑक्सिजनचं नळकांडं असतं. कुस्कोत दोन-तीन दिवस काढून मगच या वाटेला लागावं, ते यासाठीच.

समोर बर्फाचा डोंगर. रस्त्याकडेला लोकरीचे स्वेटर आणि टोप्या मांडून बसलेल्या बायका. बहुतेक जण इथे दहा मिनिटं खरेदी करतात. तुम्ही त्यातली दोन मिनिटं पाण्यासाठी ठेवा.

महाबळेश्वरला उभं राहिलं की एका अंगाचं पाणी कृष्णेबरोबर बंगालच्या उपसागराला जातं आणि दुसऱ्या अंगाचं सावित्रीबरोबर अरबी समुद्राला. घाटमाथ्यावर पाणी वाटलं जातं, हे आपल्याला लहानपणापासून ठाऊक असतं. ला रायाही तसाच घाटमाथा आहे. उत्तरेकडे ओघळलेला थेंब अटलांटिकला जातो. दक्षिणेकडे ओघळलेला थेंब मात्र कुठल्याच समुद्राला जात नाही. तो तितिकाका सरोवराला जातो. सह्याद्रीवर पाण्यापुढे दोन समुद्र असतात. इथे एका बाजूला महासागर, आणि दुसऱ्या बाजूला चहूकडून डोंगरांनी कोंडलेलं एक पठार.

[दृश्य : घाट उतरून सपाट पठार. मातीची घरं. कौलांवर बैलांची जोडी.]

हे पठार म्हणजे आल्तिप्लानो. घाट उतरला म्हणून हवा उबदार होत नाही, कारण पठारच ३,८०० मीटरवर आहे. इथल्या शेतात वाकून काम करणारी माणसं बहुधा बटाट्याच्या रानात असतात. बटाटा इथला, तितिकाकाच्या भोवतालचा. हजारो वर्षांपूर्वी याच मुलखात माणसानं तो रानातून शेतात आणला. आपल्याकडे तो पोर्तुगिजांबरोबर आला आणि त्यांचाच शब्द, बटाटा, आपण ठेवला. आता एकादशीचं ताट आठवा. बटाटा, रताळं, शेंगदाणा, साबुदाणा, सगळ्यांचं माहेर याच खंडात. इथले शेतकरी जूनच्या कडाक्याच्या थंडीत बटाटे रात्री उघड्यावर गोठवतात, दिवसा उन्हात पायांनी तुडवून त्यांतलं पाणी काढतात आणि वाळवतात. त्याला चुन्यो म्हणतात. तो वर्षानुवर्षं टिकतो. राक्चीच्या त्या कणग्या अशाच गोष्टींनी भरत असत.

पुकाराला शेवटचा मोठा थांबा. इंकांच्या हजारेक वर्षं आधी इथे एक संस्कृती नांदत होती. संग्रहालय लहान आहे, पण त्यातली एक दगडी मूर्ती चुकवू नका. मांडी घालून बसलेला माणूस, आणि त्याच्या हातात कापलेलं शिर. घरांच्या कौलांवर दिसणारे मातीचे बैल मात्र पुष्कळ नंतरचे. ते भरभराटीसाठी जोडीनं बसवतात. जगभर ते पुकाराचे बैल म्हणून ओळखले जातात, पण घडवतात शेजारच्या चेका पुपुहा गावात. पुकाराच्या रेल्वे स्टेशनवर विकले जायचे, म्हणून स्टेशनचं नाव चिकटलं. घ्यायचा असेल तर गाइडला विचारून त्या कुंभारांकडूनच घ्या.

जुलियाका बसमधूनच पाहायचं. धूळ, विटांची अर्धवट घरं, तीनचाकी रिक्षा. राष्ट्राध्यक्ष पेद्रो कास्तियो यांना डिसेंबर २०२२ मध्ये पदावरून काढल्यानंतर या भागात निदर्शनं पेटली, आणि ९ जानेवारी २०२३ या एका दिवसात जुलियाकात डझनाहून अधिक माणसं मारली गेली. सकाळी तिंतापाशी जी गोष्ट ऐकली, ती इथे येईपर्यंत डोक्यातून गेलेली नसते.

[दृश्य : पुनोच्या वरचं वळण. सूर्य मावळतीला. निळं पाणी.]

साडेचार-पाचच्या सुमारास एका वळणावर तितिकाका दिसतो. क्षेत्रफळ सुमारे ८,३०० चौरस किलोमीटर, उंची ३,८१० मीटर. ला रायाच्या दक्षिण उतारावरचं ते पाणी आधी आयाविरी, मग पुकारा आणि रामिस ही नावं घेत इथे येऊन पोहोचतं. इथून बाहेर पडायला एकच नदी आहे, देसाग्वादेरो. ती बोलिव्हियातल्या पोओपो सरोवराकडे जाते, आणि ते सरोवर २०१५ च्या अखेरीस कोरडं पडल्याचं जाहीर झालं. तसंही फार थोडं पाणी त्या वाटेनं जातं. तितिकाकाचं बहुतेक पाणी ऊन आणि वारा उचलून नेतात.

बस पुनोच्या उतारावर लागली आहे. खाली काठाशी हिरवट पट्टा दिसतोय ना, ती तोतोराची लव्हाळी. उरू लोक तीच कापून, थरावर थर रचून पाण्यावर तरंगती बेटं बांधतात. खालचा थर कुजत जातो, वरून नवा घालावा लागतो. उद्या सकाळी होडीनं तिकडे जायचं आहे.