फुकटच्या पाण्याची किंमत काढणारा इंजिनिअर : पिअर मासे

जैतापूरच्या बातम्यांमुळे ईडीएफ हे नाव आपल्याकडे बऱ्याच जणांच्या कानावरून गेलंय, फ्रान्सची सरकारी वीज कंपनी. पण आज अणुभट्ट्या राहू दे, आज गोष्ट तिच्या धरणांच्या काळातल्या एका माणसाची.

पिअर मासे, जन्म 1898, पॅरिस. एकोल पॉलिटेक्निकमधे शिकला, पहिलं महायुद्ध बघितलं, मग इंजिनिअर होऊन जलविद्युतच्या खाजगी कंपन्यांमधे शिरला. आणि तिथे त्याला एक प्रश्न असा काही चिकटला की बस्स.

प्रश्न काय, तर आल्प्समधे हिवाळ्यात सगळं गोठतं, नद्यांना पाणी कमी, आणि फ्रान्सला वीज सगळ्यात जास्त लागते ती नेमकी तेव्हाच. मग धरणातलं पाणी आज सोडायचं की ठेवायचं? पाण्याला कोळशासारखं बिल येत नाही म्हणून ते फुकट वाटतं, पण मासे म्हणतो फुकट कसलं, आज सोडलं तर आजचा कोळसा वाचतो, ठेवलं तर जानेवारीच्या कडाक्यात कदाचित त्याहून महागडा कोळसा वाचेल, पण मधेच धो धो पाऊस होऊन धरण ओसंडलं तर राखून ठेवलेलं सगळं वाया! म्हणजे आजच्या पाण्याची किंमत ठरते उद्यावर, आणि उद्याचं तर कोणालाच माहीत नाही, म्हणून मग प्रॉबॅबिलिटी घ्यायची आणि सीझनच्या शेवटापासून हिशोब मागे मागे आणायचा. हे त्याने 1946 मधे दोन खंडांत छापलं. अमेरिकेत गणितज्ञ बेलमनचं डायनॅमिक प्रोग्रामिंग, म्हणजे असंच शेवटापासून मागे येत टप्प्याटप्प्याने प्रश्न सोडवायची पद्धत, गाजली ती यानंतर, हे मात्र फ्रेंचमधे, बाहेर वाचणार कोण.

त्याच वर्षी वीज कंपन्यांचं राष्ट्रीयीकरण झालं, ईडीएफ जन्मली, आणि नवीन वीजकेंद्रं उभारायचं खातं आलं मासेकडे. 1948 ला तर तो कंपनीत नंबर दोनचा साहेब. धरणांचा धडाका सुरू. 1952 मधे आल्प्समधलं तीन्य हे अख्खं जुनं गाव धरणाच्या पाण्याखाली गेलं, लोकांनी शेवटपर्यंत विरोध केला तरी. पाण्याच्या थेंबाथेंबाची किंमत काढणाऱ्या त्या गणितात गावकऱ्यांच्या घरादाराला कुठला कॉलमच नव्हता, हे मला तरी खटकतं.

1959 ला राष्ट्राध्यक्ष द गॉलने त्याला देशाच्या नियोजनाचा प्रमुख केलं. 1963 ला खाणकामगारांचा मोठा संप झाला तेव्हा पगार खरंच मागे पडलेत का हे तपासायला जी समिती बसली तिचा प्रमुखही हाच, आणि रिपोर्ट आला की हो, पडलेत. सरकारी माणूस असून! मग 1969 पर्यंत ईडीएफचा अध्यक्ष, 1987 मधे निधन.

ते पाण्याचं गणित मात्र रिटायर झालं नाही, नॉर्वे आणि ब्राझीलमधे आज कुठलं धरण किती सोडायचं हे ठरवताना आधी पाण्याची किंमतच काढतात, फक्त आता ते कॉम्प्युटर करतो.