समोरच्या घरची वाटी

श्रोतेहो, नमस्कार.

माझी आई लग्न होऊन परळच्या चाळीत आली आणि पन्नास वर्षं तिथंच राहिली. आता आम्ही टॉवरमध्ये एकोणिसाव्या मजल्यावर आहोत. घरात संडास, चोवीस तास पाणी, लिफ्ट. तिनं पहाटे चारला उठून नळावर नंबर लावलेत, तेव्हा या सुखाची किंमत तिच्याइतकी कुणाला कळणार? चाळीचे गोडवे मी गाणार नाही.

पण पहिल्याच आठवड्यात आईनं सवयीनं दार उघडं ठेवलं, तर खालून इंटरकॉम वाजला. "आजी, दार लावून घ्या, सेफ्टीसाठी." आईनं लावलं आणि मला विचारलं, "मग कोण आलं, कोण गेलं, कळायचं कसं?"

वरळी-नायगावच्या बीडीडी चाळी आठवा. शंभर वर्षांपूर्वी ब्रिटिश सरकारच्या बॉम्बे डेव्हलपमेंट डिपार्टमेंटनं बांधलेल्या. एका मजल्यावर वीस खोल्या, प्रत्येक १६० चौरस फुटांची, मधून पॅसेज. पाण्याला जा नाहीतर कामाला, वाट तीच. विचारपूस करायला मुद्दाम कुणी यायचं नाही, ती जाता-येता व्हायची. एखादं दार दुपारपर्यंत उघडलं नाही, की कुणीतरी कडी वाजवायचंच. २०२५ च्या ऑगस्टमध्ये वरळीत या चाळींच्या जागी उभ्या राहिलेल्या टॉवरमध्ये पहिल्या ५५६ कुटुंबांना ५०० चौरस फुटांची घरं मिळाली. हक्काची घरं, मनापासून आनंद वाटला. फक्त तो पॅसेज कुठल्या करारात लिहून मिळत नाही.

जागतिक आरोग्य संघटनेनं त्याच वर्षी सांगितलं, की जगात सहांतला एक माणूस एकाकी आहे. मला आमचाच मजला आठवला. आमच्या मजल्यावर सहा फ्लॅट आहेत.

मागच्या महिन्यात आईनं केळफुलाची भाजी केली. "समोर देऊन ये," म्हणाली. ओळख ना पाळख, मी टाळत राहिले. शेवटी वाटी घेऊन तीच गेली. चार दिवसांनी समोरची मुलगी वाटी परत द्यायला आली. मूळची रांचीची, नोकरीसाठी इथं एकटी राहते. वाटीत खडीसाखर होती. रिकामी वाटी परत करायची नसते, हे तिलाही तिच्या घरून ठाऊक होतं. तासभर बसली. निघताना आईला म्हणाली, दोन वर्षांत पार्सलवाल्याशिवाय माझी बेल कुणी वाजवली नव्हती.

तेव्हापासून संध्याकाळी ती कामावरून यायच्या सुमारास आमचं दार उघडं असतं. इंटरकॉम वाजलाच तर आई सांगते, "असू दे रे बाबा, मी दारातच बसलेय."