दुष्काळाची वाट पाहताना

मघाशी ओळख करून देताना म्हणालात की मी गावांच्या आठवणी टिपतो. पण आठवणी टिपायला गेलं की हाती बहुतेक भाषणच लागतं. उजनी धरणाच्या काठावर पहिल्या वर्षी मी तेच करून बसलो. म्हाताऱ्या माणसांना खुर्चीवर बसवलं, माइक लावला आणि विचारलं, "जुन्या गावाचं काय आठवतं?" जो तो म्हणे, "सगळं पाण्यात गेलं." खोटं नव्हतंच ते. पण तलाठी, पुढारी, पत्रकार सगळ्यांना सांगून सांगून ते वाक्य पार गुळगुळीत झालं होतं. मग मी प्रश्नच बंद केले. कॅमेरा तिवईवर लावायचा आणि गप बसायचं.

भीमेवरचं हे धरण १९८० साली पूर्ण झालं. साठा सुमारे ११७ टीएमसी, म्हणजे अब्ज घनफूट. त्यातला निम्म्याहून जास्त मृत साठा, म्हणजे उपयुक्त पाण्यात न धरलेलं तळाचं पाणी. त्यामुळे उन्हाळ्यात उपयुक्त पाणी संपलं की आकडा शून्याच्याही खाली उतरतो. 'धरण मायनसमध्ये गेलं' म्हणतात ते हेच. २०२४च्या उन्हाळ्यात तो जवळपास वजा ६० टक्क्यांवर गेला. पाणी असं आटलं की पळसदेवचं पळसनाथाचं मंदिर उघडं पडतं, जुन्या घरांची जोती दिसू लागतात. शहरातून गाड्या येतात, ड्रोन उडतात. (एक ड्रोन माझाही होता. त्यातलं एकही दृश्य मी ठेवलं नाही, वरून सगळी गावं सारखीच दिसतात.) आणि त्याच गाळात शेतकरी आटत्या पाण्यामागे मोटारी, केबल, पाइप ओढत नेत असतो, चारी खोदत असतो. ऊस जगवायचा असतो.

एका सकाळी एक आजी नातवाबरोबर आल्या. गाळ वाळून भेगाळला होता. नातू मोबाइल बघत सरळ पुढे गेला. आजी मात्र मध्येच वळल्या, मोकळ्या जागेला वळसा घालून पलीकडे गेल्या, थांबल्या, मान थोडी खाली घातली आणि एक पाऊल उंच टाकून आत शिरल्या. आत म्हणजे कुठे? तिथे भिंत नव्हती, उंबरा नव्हता. चौकट तर गाव उठलं तेव्हाच काढून नेलेली, आज ती नव्या घराला आहे.

मी साठ-सत्तर फुटांवर होतो. जवळ गेलो असतो तर चेहरा मिळाला असता. गेलो नाही. संकलनात चार मिनिटांचं ते दृश्य तसंच ठेवलं. कुणीतरी सुचवलं, खाली बासरी टाकू या. मी मोटारीची घरघर ठेवली. त्या घराण्याचा ऊस त्याच मोटारीवर आहे. बासरी लावली की पाण्याने फक्त नेलंच, असं वाटायला लागतं.

आता एक कबुली. या दृश्यासाठी मी तीन उन्हाळे काढले. दोनदा धरण पुरेसं उतरलंच नाही, आणि मला चक्क वाईट वाटलं! पावसाचा अंदाज चांगला आला की मी खट्टू व्हायचो. नुसतं बघणारा माणूस कुणाचं काही बिघडवत नाही, असं आमच्या धंद्यात मानतात. मी तर दुष्काळाची वाट बघत होतो.

आजींच्या मुलाला हे कळलं असावं. जून लागला तेव्हा त्यांचा फोन आला. "झालं का तुमचं शूटिंग?" मी म्हटलं, झालं. "मग पडू द्या आता पाऊस."