बीटल्सनंतर आलेला जादूगार

मंडळी, ९ फेब्रुवारी १९६४ ची रात्र बीटल्सच्या नावावर जमा आहे, आणि ते रास्तच आहे. त्या रविवारी न्यूयॉर्कहून प्रक्षेपित झालेल्या एड सलिव्हन शोमध्ये, म्हणजे गाणी, विनोद, जादू असं सगळं एकत्र दाखवणाऱ्या दूरचित्रवाणीवरच्या व्हरायटी शोमध्ये, सुमारे ७ कोटी ३० लाख अमेरिकनांनी त्यांना पाहिलं. मला मात्र बोलायचं आहे ते त्यांची पहिली तीन गाणी आणि मग जाहिराती संपल्यावर पडद्यावर आलेल्या माणसाबद्दल. फ्रेड काप्स. हातात पत्ते आणि मिठाची डबी.

त्याचं नाव आज निघतं ते बहुधा ‘बिचारा’ म्हणूनच. बीटल्सच्या पाठोपाठ पत्ते कोण बघणार? मला ही कीव मान्य नाही. काप्स १९२६ मध्ये नेदरलँड्समधल्या उट्रेक्टला जन्मला. जादूगारांच्या जागतिक स्पर्धेत, म्हणजे फिझममध्ये, त्याने सर्वोच्च पारितोषिक तीनदा जिंकलं : १९५०, १९५५ आणि १९६१. तीनदा ते दुसऱ्या कुणालाच जमलेलं नाही. म्हणजे त्या रात्री पडद्यावर आलेला माणूस आपल्या कलेतला अव्वल माणूस होता.

आता त्याचा मिठाचा प्रयोग बघा. हा प्रयोग मुळात त्याचा नव्हे; तो आधीपासून होत होता. काप्स बंद मुठीत मीठ ओततो, मूठ उघडतो, मीठ गायब. इथवर कुठलाही कसलेला जादूगार येईल. मग त्याच हातातून मीठ पडायला लागतं आणि थांबतच नाही. पडतंय, पडतंय, एवढ्याशा मुठीत मावणंच शक्य नाही इतकं पडतंय! प्रेक्षकांची नजर हळूहळू हातावरून चेहऱ्याकडे जाते, कारण खरा खेळ तिथे चाललेला असतो. काप्स आधी खूश दिसतो, मग बुचकळ्यात पडतो, मग चक्क ओशाळतो. मिठाने जणू त्याचं ऐकणं सोडलंय. एरवी जादूगार ‘बघा, मी काय करतो’ अशा तोऱ्यात उभा असतो. काप्सच्या बाबतीत जादू त्याच्यावरच ओढवते, आणि म्हणून आपण त्याच्या बाजूचे होतो.

व्हरायटी शोमध्ये कलाकाराला जेमतेम काही मिनिटं मिळतात. प्रस्तावना नाही, वातावरणनिर्मिती नाही. आधी गायक, नंतर विनोदवीर, मध्ये तुम्ही. अशा वेळी दूरचित्रवाणीने हातचलाखीला एक गोष्ट दिली, ती म्हणजे जवळून दिसणं. शेवटच्या रांगेत बसून बोटं दिसत नाहीत. कॅमेऱ्याला बोटंही दिसतात आणि भुवईही. काप्सची अदाकारी या माध्यमासाठीच घडल्यासारखी होती. भाषेचाही अडसर नव्हता, कारण मिठाच्या प्रयोगाला शब्द लागतच नाहीत.

१९८० मध्ये, वयाच्या अवघ्या ५४ व्या वर्षी तो गेला. त्याच्या प्रयोगांची चित्रमुद्रणं आज उपलब्ध आहेत. ती जरूर पाहा, आणि दुसऱ्यांदा पाहाल तेव्हा हाताकडे बघूच नका.