चौदा वर्षं, एक फिल्म

नमस्कार मंडळी. आज मला इंडिपेंडंट डॉक्युमेंटरी बनवणाऱ्या आनंद पटवर्धनांबद्दल बोलायचंय, म्हणजे खरं तर त्यांच्या ‘जय भीम कॉम्रेड’ या एका फिल्मबद्दल, जी पुरी करायला त्यांना चौदा वर्षं लागली.

१९८५ ची त्यांची ‘हमारा शहर’, मुंबईतल्या झोपडीवाल्यांवरची. त्यात एक शाहीर गातात, विलास घोगरे, आवाज असा की ऐकणारा जागचा हलत नाही. पुढे ११ जुलै १९९७ ला घाटकोपरच्या रमाबाई नगरात बाबासाहेबांच्या पुतळ्याला चपलांचा हार घातलेला दिसला, लोक रस्त्यावर आले, पोलिसांनी गोळीबार केला, दहा माणसं गेली. घोगरेंना ते सहन झालं नाही, चारच दिवसांनी त्यांनी गळफास घेतला. आपल्या फिल्ममध्ये गायलेला माणूस असा गेला म्हणून पटवर्धनांनी कॅमेरा उचलला, आणि ‘जय भीम कॉम्रेड’ पुरी झाली २०११ ला! मधे गोळीबाराच्या केसच्या कोर्टात तारखा पडत होत्या, जयंत्या येत होत्या, पुण्याच्या कबीर कला मंच या गाणाऱ्या गटाची पोरं गायला लागली होती आणि हे शूट करत राहिले. तीन तासांच्या वर आहे फिल्म, पण एक गाणंही कमी करू नये असं मला मनापासून वाटतं.

इंडिपेंडंट म्हणजे काय, तर कॅमेरा बऱ्याचदा स्वतःच धरायचा, एडिटिंगला स्वतःच बसायचं आणि फिल्म झाली की ती दाखवण्यासाठी परत भांडायचं. ‘वॉर अँड पीस’ला सेन्सॉरने कट्स सांगितले, हे हायकोर्टात गेले आणि २००३ मध्ये एकही कट न देता ती पास करून घेतली. त्याआधी आणीबाणीत तर बिहार आंदोलनावरच्या फिल्मची प्रिंट तुकडे करून देशाबाहेर न्यावी लागली होती.

मी ‘जय भीम कॉम्रेड’ पाहिली ती एका विहाराच्या हॉलमध्ये, खिळ्यांना बांधलेली पांढरी चादर, पंख्याच्या वाऱ्याने घोगरेंचा चेहरा हलायचा, मग एका काकूंनी उठून पंखाच बंद केला, जूनचा उकाडा होता तरी कुणी काही बोललं नाही, सगळे घाम पुसत ऐकत होते. माझ्या शेजारच्या आजी तर प्रत्येक गाण्याला मांडीवर ताल धरत होत्या.

त्यांच्या बऱ्याच फिल्म्स आता यूट्यूबवर आहेत. मोबाइलवर एकट्याने नका बघू, येत्या ११ जुलैला शेजारपाजारचे चार जण बोलवा, भिंतीवर चादर लावा आणि आवाज मोठा ठेवा. नमस्कार.