उंबरठ्याच्या आत

नमस्कार श्रोतेहो.

आज मला एका घराच्या उंबरठ्याविषयी बोलायचं आहे. हे घर आंध्र प्रदेशातल्या रायलसीमेतलं आहे, आणि ते एका तेलुगू सिनेमात आहे. ‘मर्यादा रामन्ना’ हे त्या सिनेमाचं नाव. २३ जुलै २०१० रोजी तो प्रदर्शित झाला. त्यात मारामारी आहे, हसू आहे, प्रेम आहे आणि पिढीजात सूडही आहे. हे चारही जिन्नस एका पातेल्यात पडले की बहुतेक वेळा चव बिघडते. इथे ती का बिघडली नाही, हे मी बरीच वर्षं मनाशी घोळवतो आहे.

मी सोलापूरचा. सोलापूर ज्यांना ठाऊक आहे त्यांना पूर्वभाग म्हणजे काय, हे वेगळं सांगायला नको. विणकर पद्मशाली समाजाची वस्ती, दिवसभर यंत्रमागांची खडखड, आणि घराघरांत तेलुगू. पिढ्यान्‌पिढ्या इथे राहिलेली ही मंडळी बाजारात मराठी बोलतात आणि दार ओलांडून आत गेली की तेलुगू. आमच्या शेजारच्या घरातली आजी, जिला सगळी गल्ली अव्वा म्हणायची, तिच्याकडे मी हा सिनेमा पहिल्यांदा पाहिला. माझं तेलुगू तोडकंमोडकं. समोर टीव्ही चालू आणि शेजारी अव्वा मराठीत सांगतेय, अशा पद्धतीने तो सिनेमा माझ्यापर्यंत पोहोचला.

आधी गोष्ट सांगतो. रामू नावाचा एक साधा, भित्रा तरुण हैदराबादमध्ये सायकलवरून ओझी वाहतो. सायकल इतकी जुनी की मालकाला ती परवडेनाशी होते आणि रामूची नोकरी जाते. ऑटो घ्यायला पैसे हवेत. तेवढ्यात त्याला कळतं की रायलसीमेत आपल्या वडिलांची जमीन आहे. ती विकायला तो आगगाडीने निघतो. गाडीत अपर्णा नावाची मुलगी भेटते, दोघांची छान गट्टी जमते. रामूला ठाऊक नसतं ते असं : त्याच्या वडिलांच्या हातून पूर्वी एक खून झाला होता, मेलेल्या माणसाचा भाऊ रामिनीडू आजही त्या रक्ताची फेड करायला टपलेला आहे, आणि अपर्णा ही त्याच रामिनीडूची मुलगी आहे. रामू नेमका त्याच वाड्यात पाहुणा म्हणून पाऊल टाकतो.

आता मारायला काय वेळ? पण त्या घराची एक रीत आहे. घराच्या आत रक्त सांडायचं नाही. पाहुणा उंबरठ्याच्या आत आहे तोवर तो पाहुणा. बाहेर पाऊल पडलं की मग तो वैऱ्याचा मुलगा.

हे रामूच्या लक्षात येतं, आणि खरा सिनेमा तिथे सुरू होतो. तो घराबाहेर पडायलाच तयार होत नाही. नाना सबबी काढतो. बाप आणि त्याचे दोन मुलगे वाट पाहत राहतात.

अव्वा या भागात खुर्चीच्या कडेला आली होती. रामूचा पाय दाराकडे वळला की ती मोठ्यानं ओरडायची, “गडप दाटकु रा!” मला पहिल्यांदा काही उलगडेना. गडप? कोण गडप झालं? मग तिनं समजावलं, की तेलुगूत ‘गडप’ म्हणजे उंबरठा. ‘गडप दाटकु’, म्हणजे उंबरठा ओलांडू नकोस रे. मी थक्क झालो. त्या घरात या एका शब्दाचे दोन्ही भाषांतले अर्थ एकाच फळीवर उभे होते. तेलुगू गडप ओलांडली की मराठी गडप. पुढे कळलं की कडप्पा या रायलसीमेतल्या जिल्ह्याचं नावही याच शब्दावरून आलं, असं सांगतात. तिरुमलेच्या व्यंकटेश्वराकडे जाणाऱ्या वाटेवरचा उंबरठा, म्हणून कडप्पा.

श्रोतेहो, पाहुणचाराची आपली नेहमीची पद्धत आठवा. यजमान म्हणतो, “राहा की अजून दोन दिवस.” पाहुणा म्हणतो, “नको, निघायला हवं.” या सिनेमात पारडं उलटं होतं. यजमानांना हवं असतं की यानं एकदाचं निघावं, आणि पाहुणा मात्र हलत नाही. पण रामिनीडूला “चालता हो” म्हणता येत नाही, कारण त्यानं आपणच मानलेला धर्म मोडेल. भरल्या पानावरून वैऱ्यालाही उठवू नये, ही शिकवण आपल्याकडेही आहेच. तेव्हा तो वाढतो, विचारपूस करतो, अंथरूण घालतो. आणि रामूही आभार मानतो, कारण आभार मानत राहणं हाच त्याचा जीव वाचवण्याचा मार्ग. दोघंही एकमेकांशी अतिशय सभ्यपणे बोलतात आणि सगळं बोलणं मरणाविषयी असतं. मध्ये अपर्णा. तिला काहीच ठाऊक नाही. तिला वाटतं, आपल्या घरच्यांना हा मुलगा किती आवडलाय!

निरोप घेताना आपण “जातो” म्हणत नाही, “येतो” म्हणतो. तेलुगूतही तसंच. “वेळ्ळोस्ता”, म्हणजे जाऊन येतो. रामूच्या तोंडी तो शब्द आला तर त्यातलं येणं तेवढं खोटं ठरणार, हे प्रेक्षकाला ठाऊक असतं. माझ्या मते विनोद आणि भीती इथे एकाच दोऱ्यात विणले आहेत. ताणा भीतीचा, बाणा विनोदाचा. एक धागा ओढला तर दुसराही ताणला जातो. म्हणूनच मघाशी म्हणालो ते चार जिन्नस फुटून वेगळे होत नाहीत.

यासाठी दिग्दर्शकानं नट कसे निवडले, ते पाहा. दिग्दर्शक एस. एस. राजमौली. आदल्याच वर्षी, २००९ मध्ये, त्यांचा ‘मगधीरा’ येऊन गेला होता. पुनर्जन्म, घोडे, युद्ध, प्रचंड खर्च. त्यानंतर सगळ्यांना आणखी मोठ्या सिनेमाची अपेक्षा, आणि या माणसानं नायक म्हणून कोणाला घेतलं? सुनीलला. भीमवरमचा सुनील तेव्हा तेलुगूतला लाडका विनोदी नट होता. नायकाचा मित्र, मार खाणारा, पळणारा. प्रेक्षकांना वर्षानुवर्षं त्याची ही ओळख होती. म्हणून तो संकटात सापडला की कोणाच्याही मनात येत नाही, ‘आता हा चार जणांना लोळवेल.’ तो लोळवू शकत नाही, हे आपल्याला पक्कं माहीत असतं. त्याची भीती खरी वाटते, म्हणून त्याच्या युक्त्या गोड वाटतात. आणि शेवटाकडे जेव्हा तो थोडंसंच धैर्य दाखवतो, तेव्हा ते थोडंसं धैर्य डोंगराएवढं दिसतं.

दुसऱ्या बाजूला रामिनीडूच्या भूमिकेत नागिनीडू. हा चेहरा प्रेक्षकांना तितकासा ओळखीचा नव्हता. भरदार शरीर, पांढरे कपडे, डोळ्यांत एक थंड विश्वास. तो माणूस दुष्ट वाटत नाही, तो शब्दाचा पक्का वाटतो. पाहुण्याला दिलेला मानही खरा, मेलेल्या भावासाठी घेतलेली शपथही खरी. त्याच्याकडे पाहताना मला राग येत नाही, पोटात गोळा येतो. त्या वर्षीचा उत्कृष्ट खलनायकाचा नंदी पुरस्कार, म्हणजे आंध्र सरकारचा सिनेमासाठीचा पुरस्कार, त्याला मिळाला, तो रास्तच होता.

रामूच्या जुन्या सायकलीला राजमौलींनी आवाज दिलाय, आणि तो आवाज आहे रवितेजाचा, म्हणजे तेलुगूतल्या एका मोठ्या नायकाचा. नायकाचा आवाज सायकलीला आणि विनोदी नट नायक! संगीत एम. एम. कीरवाणींचं, ज्यांना पुढे २०२३ साली ‘नाटू नाटू’साठी ऑस्कर मिळालं.

आता रायलसीमेविषयी थोडं बोलायला हवं, कारण तिथली माती समजल्याशिवाय हा वाडा समजत नाही. कर्नूल, अनंतपूर, कडप्पा, चित्तूर हा सगळा पट्टा. आपल्या सोलापूरसारखाच अवर्षणाचा, दगडाधोंड्यांचा. विजयनगरच्या रायांची सीमा म्हणून रायलसीमा. हे नाव १९२८ मध्ये रूढ झालं. त्याआधी १८०० साली निजामानं हा मुलूख इंग्रजांना देऊन टाकला होता, म्हणून त्याला ‘दत्त मंडलालु’ म्हणत, म्हणजे देऊन टाकलेले जिल्हे. तिथल्या लोकांना ते नाव बोचायचं, आणि बोचणारच. गावोगावी पाळेगार, म्हणजे स्थानिक सरदार, होते, त्यांच्याकडे स्वतःची हत्यारबंद माणसं होती. पुढे पाळेगार गेले, पण गावातले गट आणि त्यांची वैरं उरली. तेलुगूत या वैराला सरळ इंग्रजी शब्द वापरतात, ‘फॅक्शन’.

१९९९ मध्ये ‘समरसिंह रेड्डी’ आला आणि मग तेलुगू पडद्यावर फॅक्शनची लाटच आली. ‘नरसिंह नायडू’, ‘इंद्रा’, असे एकामागून एक. कोयते, गावठी बॉम्ब, धुळीतून येणारा टाटा सुमोंचा ताफा, मांडीवर थाप मारून गर्जणारा नायक. या सिनेमांनी रायलसीमेची अशी ओळख करून ठेवली की तिथल्या साध्या माणसाला परगावी आपलं गाव सांगताना संकोच वाटावा. मला याचं वाईट वाटतं. ज्या भागात दाराशी आलेल्याला रागी संगटी, म्हणजे नाचणीच्या पिठाचा शिजवलेला गोळा, आणि गावरान कोंबडीचा रस्सा वाढल्याशिवाय सोडत नाहीत, त्या भागाची सगळ्या जगाला दिसलेली ओळख मात्र कोयत्याची.

‘मर्यादा रामन्ना’नं कोयता ठेवला, पण त्याच्या शेजारी ताट मांडलं. या सिनेमाबद्दल मला जे सांगायचं आहे ते हेच. त्यानं वैराची चेष्टा केली नाही आणि पाहुणचाराचीही केली नाही. दोन्ही गोष्टी तिथल्याच मातीतल्या, दोन्ही मानाच्या. त्या एकाच छपराखाली आणून उभ्या केल्या आणि विचारलं, बोला, आता यातली कुठली मोठी?

सिनेमाचं नावही त्याला शोभणारं आहे. मर्यादा रामन्ना हा दक्षिणेतल्या लोककथांमधला एक न्यायनिवाडा करणारा चतुर माणूस. आपल्याकडे बिरबलाच्या गोष्टी मुलांना सांगतात, तशा तिकडे त्याच्या सांगतात. आणि ‘मर्यादा’ या शब्दाला तेलुगूत आदर, पाहुण्याला दिला जाणारा मान, असाही अर्थ आहे. मराठीत मर्यादा म्हणजे हद्द. त्या उंबरठ्याला दोन्ही अर्थ लागू पडतात.

या गोष्टीचं बीज मात्र फार दूरचं आहे. १९२३ साली बस्टर कीटन या अमेरिकी विनोदवीरानं ‘अवर हॉस्पिटॅलिटी’ नावाचा मूकपट केला. कॅनफिल्ड आणि मकाय या दोन घराण्यांतलं वैर, वडिलांची मालमत्ता घ्यायला आगगाडीने निघालेला तरुण, गाडीत भेटलेली मुलगी, तिच्याच घरी पाहुणचार, आणि घरात पाहुण्याला हात लावायचा नाही हा दंडक. गाभा तोच. पण अमेरिकेच्या दक्षिणेतला तो दंडक रायलसीमेत रोवला तर जणू तो इथलाच होता असं वाटतं. परक्या वाणाचं रोप एखाद्या मातीत आपसूक धरावं, तसं. पटकथेनं त्याला आई दिली, शपथ दिली, जमीन दिली. म्हणून मी याला उचलेगिरी म्हणणार नाही, पण बीज कुठलं ते सांगितलंच पाहिजे. मूळ कलाकाराचा तो मान आहे.

पुढे या गोष्टीचा कन्नड, बंगाली, हिंदी, तमिळ, मल्याळम असा प्रवास झाला. कन्नडमध्ये कोमल आणि तमिळमध्ये संतानम, असे मुळात विनोदी नटच नायक झाले, आणि ते योग्य होतं. हिंदीत २०१२ च्या दिवाळीत ‘सन ऑफ सरदार’ आला. तिथे नायक अजय देवगण. घर पंजाबात गेलं, पंजाबचा पाहुणचारही काही कमी नाही. पण ज्याच्या एका ठोशात चार माणसं उडतात तो घरात लपून का बसेल? भीती गेली, आणि भीतीबरोबर उंबरठाही गेला. राहिली ती नुसती फळी.

शेवट मी सांगणार नाही. ज्यांनी पाहिला नसेल त्यांनी तो पाहावा, तेलुगूतच पाहावा, आणि भाषा कळत नसेल तर रामूच्या पायांकडे पाहावं. तोंडानं तो काहीही बोलत असला तरी पाय खरं सांगतात. ते दाराकडे कधी वळतात, कुठे अडतात, आणि एका क्षणी कोणासाठी अडायचे थांबतात, एवढं पाहिलं तरी सगळी गोष्ट समजते.

त्या रात्री सिनेमा संपला तेव्हा खूप उशीर झाला होता. बाहेरचे माग थांबले होते. मी उठलो, चप्पल शोधू लागलो. अव्वा आतून भांड्यांचा आवाज करत म्हणाली, “थांब. जेवल्याशिवाय गडप ओलांडायची नाही.”

मी परत आत जाऊन बसलो.

नमस्कार.