जाड्या, रड्या आणि त्या दोघी

[दृश्य : अल्व्हर्स्टन, इंग्लंड. पाऊस नुकताच थांबलाय. कॅमेरा पुतळ्याच्या बुटांपासून सावकाश वर चढतो.]

दिव्याच्या खांबाशी दोघं उभे आहेत. एक जाडा, एक किडकिडीत. पायाशी कुत्रा.

हे उत्तर इंग्लंडमधलं अल्व्हर्स्टन. 16 जून 1890 रोजी इथल्या आर्गाइल स्ट्रीटवरच्या एका घरात आर्थर स्टॅन्ली जेफरसन जन्मला. पुढे तो स्टॅन लॉरेल झाला. त्याचा जोडीदार ऑलिव्हर हार्डी अटलांटिकपलीकडचा. जन्म 1892 चा, अमेरिकेच्या जॉर्जिया राज्यातल्या हार्लेम गावचा. जग त्यांना लॉरेल आणि हार्डी म्हणतं. मराठीनं त्यांना जाड्या आणि रड्या करून टाकलं, आणि मराठीचं बारसं जास्त नेमकं आहे असं आमचं मत. कारण आज ज्या सिनेमाची गोष्ट सांगायची आहे, तो अखेर रड्याच्या रडण्यावरच येऊन फुटतो.

[दृश्य : जुनी रॉक्सी चित्रपटगृहाची इमारत. आत संग्रहालय. भिंतीवर पोस्टरं, काचेच्या पेटीत टोप्या. कॅमेरा एका लाल, गोंडेवाल्या तुर्की टोपीवर थांबतो.]

गावचे एकेकाळचे महापौर बिल क्युबिन यांनी जमवलेल्या वस्तूंमधून हे संग्रहालय उभं राहिलं. टोप्या, पत्रं, फोटो. बघत गेलात तर दिवस मोडेल. आपण मात्र या गोंडेवाल्या टोपीशी थांबू.

ही टोपी ‘सन्स ऑफ द डेझर्ट’ या सिनेमाच्या नावाशी जोडलेली आहे. प्रदर्शन 29 डिसेंबर 1933. निर्माता हॅल रोच, दिग्दर्शक विल्यम साइटर. लांबी सव्वा तासापेक्षाही कमी. गोष्ट चार ओळींची : दोन मित्र, दोघंही लग्न झालेले, घरं एकमेकांना चिकटून. दोघांना शिकागोला मजा करायला जायचंय. बायकोला सांगायची हिंमत नाही. म्हणून हवाई बेटांवरच्या होनोलुलूला जातो सांगतात आणि शिकागोला पळतात.

पुढे काय होणार ते तुम्हाला आत्ताच कळलं असेल. तेव्हाच्या प्रेक्षकालाही कळलं होतं. लॉरेल आणि हार्डींनी हा डाव आधीही खेळून पाहिला होता. 1928 च्या एका मूकपटात बायकांना थाप मारून दोघं पत्ते खेळायला निघतात. 1931 मध्ये बायकांना पुढे पाठवून क्लबात जायचा बेत करतात. त्या लहान फिल्मा. इथे त्याच थापेचा अख्खा वाडा बांधलाय.

[दृश्य : प्रोजेक्टर. रीळ चढवणारे हात. पडद्यावर मेणबत्त्यांच्या उजेडातली सभा.]

सुरुवात बघा. अंधारी सभा, गोंडेवाल्या टोप्या घातलेले पुरुष, गंभीर चेहरे. अमेरिकेत त्या काळी अशा बंधुमंडळांचं पेव फुटलेलं होतं. गुप्त खुणा, शपथा, मिरवणुका, वर्षातून एकदा अधिवेशन. आणि अधिवेशन म्हणजे घरापासून लांब चार दिवस. इथेही मंडळाचा प्रमुख सगळ्यांना शपथ घ्यायला लावतो : 87 व्या वार्षिक अधिवेशनाला, शिकागोला, प्रत्येकानं आलंच पाहिजे. सगळे हात वर करतात. स्टॅन चुळबुळतो. घरी विचारलेलं नाही ना!

बाहेर पडल्यावर ऑलिव्हर त्याला झापतो. घरात राजा कोण? तू प्रत्येक गोष्ट बायकोला विचारतोस? यावर स्टॅनचं उत्तर असं की, विचारलं नाही तर मी काय करावं असं तिला वाटतं, ते मला कळणार कसं?

[पडदा तसाच चालू. निवेदन पाच सेकंद थांबतं.]

आता ही थाप कशी रचली आहे ते नीट पाहू. आम्ही हा भाग संकलनाच्या टेबलावर पुढे-मागे करत कितीदा पाहिला, मोजलं नाही.

पहिला थर : राजेसाहेब घरी येऊन बायकोला शिकागोचं सांगतात. तिनं डोंगरात सुट्टीला जायचं ठरवलेलं असतं. मग चिनी मातीची भांडी उडायला लागतात. म्हणजे सरळ मार्ग वापरून झाला, बंद निघाला.

दुसरा थर : आजारपण. ऑलिव्हर ब्लँकेट गुंडाळून, पाय गरम पाण्याच्या टपात सोडून कण्हत बसतो. स्टॅननं डॉक्टर आणायचा असतो. तो आणतो जनावरांचा डॉक्टर. ऑलिव्हर दात-ओठ खाऊन विचारतो, हा का आणलास? स्टॅनला वाटतं ते डॉक्टरच्या धर्माबद्दल आहे. मला वाटलं धर्मानं काय फरक पडतो, म्हणतो.

तिसरा थर : औषध. डॉक्टर सांगतो, समुद्रप्रवास हवा, होनोलुलूपर्यंतचा. हे ठिकाण उगाच सुचलेलं नाही. 1933 मध्ये कॅलिफोर्नियाहून होनोलुलूला विमानानं प्रवासी जात नव्हते. ती सोय 1936 मध्ये आली. जहाजानं जायला कित्येक दिवस, यायला तितकेच. इतक्या दिवसांची गैरहजेरी खपेल असं दुसरं कारण सापडणं कठीण. शिवाय हार्डीबाईंना समुद्र सोसत नाही, त्यामुळे त्या बरोबर येणार नाहीत. सोबतीला कोण? स्टॅन. खोटं बोलायला अक्कल लागते म्हणतात. इथे अक्कल ऑलिव्हरची आहे असं ऑलिव्हरलाच वाटतं.

चौथा थर सगळ्यात सुंदर, आणि त्यात संवाद जवळजवळ नाहीतच. हार्डींच्या दिवाणखान्यात फळांचा वाडगा आहे. फळं मेणाची. स्टॅन वाट बघत बसलाय. सफरचंद उचलतो आणि खातो. चावतो, गिळतो, तोंडावर तक्रार नाही. हार्डीबाईंच्या लक्षात येतं तेव्हा त्या म्हणतात, या आठवड्यात गेलेलं हे तिसरं सफरचंद. या एका वाक्यात कळतं की हा माणूस मेण रोजच खात असावा. आणि हेही कळतं की या घरात एक बाई मोजदाद ठेवून आहे.

[दृश्य : पडद्यावर हार्डीबाईंचा चेहरा. चित्र गोठतं.]

इथे थांबा. हा चेहरा मे बुशचा.

जन्म ऑस्ट्रेलियातल्या मेलबर्नचा. मूकपटांच्या काळात ती नाव असलेली नटी होती. एरिक फॉन श्ट्रोहाइमच्या ‘फूलिश वाइव्ह्ज’मध्ये 1922 ला, लॉन चेनीबरोबर ‘द अनहोली थ्री’मध्ये 1925 ला. म्हणजे विनोदी जोडीची कटकटी बायको व्हायला ती रांगेतून उचललेली नव्हती. 1929 मध्ये या जोडीनं पहिल्यांदा बोलपट केला, त्यातही हार्डीची बायको मे बुशच होती.

तिचं काम आवाज बंद करून बघा. आम्ही पाहिलं. ऑलिव्हर थाप मारायला तोंड उघडतो, तेव्हा ती लगेच चिडत नाही. आधी ऐकते. डोकं किंचित तिरकं. मग डोळे. मग खांदे. हात सगळ्यात शेवटी, आणि हातात तोवर काहीतरी आलेलं असतं. थाप मारणाऱ्यावर हसू येण्यासाठी समोरच्या कुणीतरी ती थाप खरी मानावी लागते. ते अवघड काम तिच्याकडे आहे.

शेजारच्या घरातली, स्टॅनची बायको झालेली डोरोथी क्रिस्टी. ती पडद्यावर येते ती बदकांच्या शिकारीहून, हातात बंदूक. नवरा घरात घाबरून बसणारा, बायको रानात बदकं टिपणारी. तिचा राग मेसारखा उसळत नाही. ती शांत असते, आणि स्टॅनला त्याचीच जास्त भीती.

[दृश्य : पुन्हा चौकातला पुतळा. कुत्र्याचा जवळून घेतलेला शॉट.]

पुतळ्यात कुत्र्याला जागा मिळाली. आम्ही चारही बाजूंनी फिरून शूट केलं.

[दृश्य : संकलनाचं टेबल. फिल्मच्या पट्ट्या. कात्रीचा आवाज.]

आता थोडं कामाच्या पद्धतीबद्दल. पडद्यावर ऑलिव्हर हुकूम सोडतो आणि स्टॅन पाळतो. स्टुडिओत उलट होतं. विनोद रचायचे, जोडायचे, कापायचे, हे सगळं स्टॅन बघायचा. शूटिंग संपलं की हार्डी गोल्फला जायचा आणि स्टॅन संकलकाच्या शेजारी जाऊन बसायचा. श्रेयनामावलीत त्याचा उल्लेख नटाचा. जमेल तितकं चित्रीकरण गोष्टीच्या क्रमानं व्हावं असा त्याचा आग्रह असे, कारण एका प्रसंगात सुचलेली गंमत पुढच्या प्रसंगात वापरता येते.

कच्ची प्रत तयार झाली की ती एखाद्या साध्या चित्रपटगृहात न सांगता लावायची. लोक आपले दुसराच सिनेमा बघायला आलेले. त्यांच्या हशाची नोंद व्हायची : कुठे हसले, किती वेळ हसले. मग परत संकलन. हशा लांबला असेल तर पुढच्या वाक्याआधी जागा सोडायची, नाहीतर वाक्य हशात बुडतं. हार्डी अधूनमधून थेट कॅमेऱ्याकडे बघून उसासा टाकतो ना? त्यामागेही हा हिशेब आहे. तुमचं हसून होईपर्यंत तो थांबलेला असतो. आज रिकाम्या खोलीत एकट्यानं हा सिनेमा पाहिला तर मधल्या जागा रेंगाळतात. तो दोष सिनेमाचा मानू नका. खुर्च्या भरा आणि मग बघा.

[दृश्य : भरलेली प्रेक्षागृहं. पडद्यावर शिकागो. गोंडेवाल्या टोप्यांची मिरवणूक.]

शिकागो मग येतं आणि भुर्रकन जातं. 1933 मध्ये तिथे जागतिक प्रदर्शन भरलं होतं, सगळ्या अमेरिकेची नजर त्या शहरावर होती. मद्यबंदी त्याच वर्षी 5 डिसेंबरला उठली. सिनेमा चित्रपटगृहांत येईपर्यंत प्यायला बसलेली माणसं कायद्यात बसलेली होती. चार्ली चेज नावाचा विनोदवीर इथे एका टग्या सभासदाच्या भूमिकेत धमाल उडवतो, लॉस एंजेलिसमधल्या आपल्या बहिणीला गमतीनं फोन लावतो. बहीण कोण? हार्डीबाई. फोनवर ऑलिव्हरला देतो आणि ऑलिव्हर मेव्हण्याच्या शेजारी उभा राहून स्वतःच्याच बायकोशी लाडिक बोलतो.

दोघं परतीच्या वाटेवर असताना होनोलुलूहून येणारं जहाज वादळात बुडतं. घरी दोघी बायका हवालदिल. जहाज कंपनीच्या कचेरीत खेटे घालतात. मन थोडं हलकं व्हावं म्हणून सिनेमाला जातात, आणि मुख्य सिनेमाआधी वृत्तपट लागतो.

[दृश्य : पडद्यावरचा पडदा. मिरवणूक. दोघींचे पाठमोरे डोके.]

वृत्तपटात शिकागोची मिरवणूक आहे, आणि मिरवणुकीत दोन ओळखीचे चेहरे कॅमेऱ्यासाठी खास नाचतायत.

[निवेदन नाही. मे बुशचा चेहरा पूर्ण दिसू द्यावा.]

हौशी माणूस कॅमेरा दिसला की पुढे येतो. तेव्हाही.

[दृश्य : घराचं दार. अननस, फुलांच्या माळा, युकुलेली.]

दोघं येतात ते अननस घेऊन, होनोलुलूवरचं गाणं म्हणत. गाणं मार्व्हिन हॅटलीचं. घरात कुणी नसतं, वर्तमानपत्र मात्र असतं, आणि त्यात आपण ज्या जहाजातून आलो ते बुडाल्याची बातमी. मग माळ्यावर लपणं, रात्री वीज कडाडणं, खालून बंदूक घेऊन शिकारी बाईंचं वर येणं, छपरावरून पाइप धरून पावसाच्या पाण्यानं भरलेल्या पिंपात पडणं, पोलिसाच्या हाती लागणं. हे सगळं तुम्ही पडद्यावरच बघा, आम्ही मध्ये बोलत नाही.

[तीस सेकंद. फक्त मूळ ध्वनी.]

शेवटी चौघं एका खोलीत. बायकांना सगळं ठाऊक आहे, पण त्या सांगत नाहीत. कुणाचा नवरा आधी खरं बोलतो यावर दोघींची चुरस लागलीय. ऑलिव्हर वर तोंड करून सांगतो की आम्ही बुडत्या जहाजातून उडी मारली आणि एकामागून एक बोटींना अंगठा दाखवत घरी पोचलो. वाचलेल्यांना घेऊन येणारी बोट उद्या यायची आहे, मग तुम्ही आज कसे? यालाही त्याच्याकडे उत्तर असतं. इतक्यात स्टॅनची हनुवटी थरथरते. चेहरा आक्रसतो. आणि रड्या रडतो.

त्यानंतर स्टॅन घरी रेशमी गाउन घालून, बायकोच्या हातची चॉकलेटं खात बसतो. ऑलिव्हरचा हिशेब वेगळा होतो.

यानंतरची वर्षं एका दमात सांगायची तर अशी : 1940 नंतर ही जोडी रोचच्या स्टुडिओबाहेर पडली, दुसरीकडे स्टॅनला संकलनाच्या टेबलावर बसू दिलं गेलं नाही, आणि सिनेमे ढासळले. हार्डी 1957 मध्ये गेला, लॉरेल 1965 मध्ये. मे बुश 1946 मध्येच, तोवर तिच्या वाट्याला अगदी किरकोळ कामं येत होती. 1965 मध्ये चाहत्यांनी या सिनेमाच्या नावानं एक मंडळ काढलं, त्याच्या शाखांना तंबू म्हणतात. 2012 मध्ये अमेरिकेच्या राष्ट्रीय चित्रपट यादीत सिनेमाची नोंद झाली.

[दृश्य : संग्रहालयातलं छोटं चित्रपटगृह. पुढच्या रांगेत शाळकरी मुलं. पडद्यावर हार्डींचं स्वयंपाकघर.]

आम्ही गेलो त्या दुपारी शेवटची दहा मिनिटं लागलेली होती. ऑलिव्हर भिंतीला टेकलाय. समोर मे बुश कपाटं उघडतेय. भांडी, पातेली, बशा. एकेक करून नाही, सगळं काढून घेतेय. पुढच्या रांगेतल्या एका मुलीनं आईचा हात धरलाय, नजर पडद्यावर.

मे बुश पहिली बशी उचलते.

[निवेदन संपतं. आवाज सिनेमाचा.]